पडद्याआडची पाल

चौऱ्याहत्तर सालची गोष्ट. अर्नाळ्याची नर्मदा कोळीण वसईच्या इस्पितळात पडद्याबाहेरच्या बाकावर बसली होती. आत तिची सून होती आणि दोन दिवसांचा नातू. पोरानं अजून दुधाला तोंड लावलं नव्हतं. पडद्याआड दोन केरळी नर्स आपसांत बोलत होत्या.

"कुट्टी पाल कुडिच्चो?"

"कुडिच्चु! वयर निरच्चु पाल कुडिच्चु!"

नर्मदाच्या काळजाचं पाणी झालं. पडदा सारून ती आत घुसली.

"कुठं हाय पाल? पोराला उचल आधी! दुधात पडली का काय?"

"आजी, ओरडू नका. कसली पाल?"

"आता तूच बोललीस ना? माझे कान अजून शाबूत हायेत."

"अय्यो! आजी, आमच्या भाषेत पाल म्हणजे दूध."

"दूध?"

"हां, दूध. बाळ दूध पिला, तेच मी हिला सांगत होती. पोटभर पिला."

"आईच्या अंगावरचं?"

"आईचंच. बघा ना, कसा झोपलाय."

"अगं बाय माझी! मंग भिंतीवर फिरते तिला काय म्हनता तुमी?"

"पल्ली."

"म्हना, काय पन म्हना!"

डोळे पुसत नर्मदा बाहेर पायरीवर बसलेल्या लेकाकडे धावली.

"दिवाकर, अरे पोरगा पाल प्याला रे! पोटभर प्याला!"

दिवाकर दचकून उभा राहिला. काय झालं ते नर्मदा त्याला सांगू पाहत होती, पण तिला हसूच आवरेना.