वीतभर बांध

मंडळी, एक विचारू? परक्यानं अख्खं शिवार मागितलं तर आपण एक होतो. पण शेजाऱ्यानं वीतभर बांध कोरला तर? हां! लगेच मान खाली! मग सांगा, आपलं खरं वैर कुणाशी?

ऐका. खैरवाडीच्या वेशीलगत पहिलं रान हौसाक्काचं. सरकारला कारखान्यासाठी सगळं शिवार हवं होतं. गावानं शपथ घेतली – मोजणीवाल्याला रानात पाऊल टाकू द्यायचं नाही! सतरा दिवस बाया वाटेवर बसल्या. हौसाक्का सगळ्यांत पुढं, नातीला मांडीवर घेऊन.

मोजणीवाला मात्र हुशार! चहाच्या टपरीवर त्याला कळलं – या आक्काचं न्‌ शेजारच्या केराप्पाचं अकरा वर्षं बांधावरून भांडण. दुपारी बाया भाकरीला गेल्या, तसा तो आला.

"आक्का, तुमचा बांध मोजून देऊ?"

अहो, अकरा वर्षांची तहान! बाई शपथ विसरली. स्वतः काट्याचं फाटक उघडलं!

तिपाईवर यंत्र चढलं. निघाला वीतभर बांध हौसाक्काचाच! तांबडी खुंटी ठोकली. तिला वाटलं, आता सुखानं डोळे मिटले तरी चालतील.

"भावजी, या! बघा डोळं फाडून!"

केराप्पा धावत आला. तोवर दुसरी खुंटी हुरड्यात आलेल्या शाळूत. तिसरी विहिरीपाशी.

"सायेब, बांध हिकडं हाय!"

"बांध झाला, आक्का. ही कारखान्याची हद्द. इथं अंगठा करा – मोजणी मान्य. बांध लेखी तुमचा. पुढची रानं उद्या."

आता हौसाक्काला उमगलं. फाटक तिनंच उघडलं होतं! नात बांधावर बसून माती चिवडत होती. तिनं नातीकडं पाहिलं, कागद परत दिला. वाकली. आणि उपटली कुठली खुंटी? पहिली! बांधाची!

"वैनी, ती तर तुमच्या बाजूची!"

"ठावं हाय. रान ऱ्हायलं तर भांडायला बांध ऱ्हाईल. बघत काय बसलाय? त्या दोन उपटा!"

केराप्पानं उपटल्या. आरडाओरडा ऐकून बाया पिठाच्या हातांनीच आल्या. मोजणीवाल्याची गाडी मागं फिरली. त्या दिवसापुरती, मंडळी. पुन्हा येणारच. पण आता फाटकाला दोघांचं कुलूप आहे. बांधाचं भांडण? ते चालूच आहे की!

तेव्हा वीतभर भांडा, खुशाल भांडा. पण ते मिटवायला फाटक कुणाला उघडता, ते बघा. आणि खांबापाशी एकमेकांकडं पाठ करून बसलेले ते दोघे सख्खे भाऊ – हो, तुम्हीच! सरका जवळ. तुमच्या मधल्या जागेत तिसरा मावतोय!