खालच्या मजल्यावरून येणाऱ्या धुराबाबत

इमारतीत मला सगळे पंखेवाले म्हणतात. वय ५९ वर्षे, धंदा एक्झॉस्ट पंखे बसवणे व हवेच्या पाइपांची जोडणी, राहणार सगळ्यात वरचा मजला, जिन्यासमोर. पोलीस ठाण्यात बोलावल्यावरून मुलीसह हजर झालो असून तिच्या समक्ष सांगतो की,

मी वरील ठिकाणी पत्नीसह राहतो. जावई जहाजावर असल्याने मुलगी सातव्या महिन्यात आमच्याकडे आली आहे. ती मागच्या खोलीत झोपते. त्या खोलीची खिडकी आणि आमच्या बाथरूमची खिडकी एकाच डक्टमध्ये उघडतात. डक्ट म्हणजे इमारतीच्या पोटात हवेसाठी सोडलेली उभी मोकळी जागा, जिच्यावर आकाश असते. आमच्या बरोबर खाली तक्रारदार, म्हणजे निवृत्त ड्रॉइंग मास्तर, एकटे राहतात. आमचे आजवर कधी वाकडे नव्हते.

मी पस्तीस वर्षे सिगारेट ओढतो. मुलगी येणार म्हणून घरात ओढणे बंद केले. बाथरूमला बारा इंची पंखा बसवला आणि दार लावून, पंखा सुरू करून तिथे ओढू लागलो. धूर पंख्याने डक्टमध्ये, डक्टमधून आकाशात. या कामात माझा हात धरणारा कोणी नाही, असे मी पत्नीला सांगितले. पत्नी काही बोलली नाही.

डक्टमध्ये कबुतरे घुमत, त्यामुळे मुलीची झोप होईना. म्हणून ती आल्याच्या दुसऱ्या दिवशी मी गच्चीवर जाऊन डक्टच्या तोंडावर पत्रा ठोकला. कबुतरे गेली. मुलगी दुपारी तीन तास झोपली, मला फार बरे वाटले.

त्याच आठवड्यात ती म्हणाली की खोलीत सिगारेटचा वास येतो, आणि खिडकी लावली तर गुदमरते. तपासणीत डॉक्टरीणबाईंनी बाळाचे वजन महिन्यांच्या मानाने कमी असल्याचे सांगितले. घरात कोणी ओढते का, असे विचारले. मी नाही म्हणालो, वास बाहेरून येतो असे सांगितले. बाथरूम मी घरात धरत नव्हतो. त्या म्हणाल्या, दुसऱ्याने सोडलेला धूरही पोटातल्या बाळाला बाधतो, वजन भरत नाही, दिवस भरण्याआधी बाळंतपण होऊ शकते. वास येतो त्या वेळा लिहून ठेवा. मुलीने वही सुरू केली. माझ्या डोक्यात तिडीक गेली. धूर खालून वर जातो, आणि आमच्या खाली मास्तर.

मी मास्तरांकडे गेलो. नऊ वर्षांपूर्वी सिगारेट सोडली, आता जिना चढतानाही धाप लागते, असे ते म्हणाले. मी विश्वास ठेवला नाही. सोडलेली माणसे काय करतात ते मला ठाऊक आहे. मी स्वतः सहा वेळा सोडली आहे.

पुढे दोन दिवस मी मुलीच्या खिडकीशी खुर्ची टाकून पहारा दिला. मी बसलेला असताना एकदाही धूर आला नाही. मास्तर मला टरकले, असे मी समजलो. पहाऱ्याने डोके चढे, म्हणून मध्येच बाथरूममध्ये जाऊन एक ओढून येई. नेमका तेवढ्यात धूर येऊन गेलेला असे. माझ्या हालचालींची खबर मास्तरांना कोण देते, हे मला कळेना. मुलगी म्हणाली, वास तुमच्याच सिगारेटचा नसेल कशावरून. मी तिला कागदावर बाण काढून हवेचा प्रवाह समजावून सांगितला.

काल सकाळी सव्वासात वाजता मी मुलीच्या खिडकीतून शिडी सोडून डक्टमध्ये उतरलो आणि मास्तरांच्या बाथरूमच्या खिडकीला बाहेरून पत्रा मारला. स्क्रू आठ. मास्तर आत अंघोळ करत आहेत हे मला पाचव्या स्क्रूला समजले. कोण आहे, असे त्यांनी आतून विचारले. मी, पंखेवाला, असे सांगून उरलेले तीन मारले, कारण काम अर्धवट टाकायची मला सवय नाही. अंधारात घसरून त्यांचे कोपर सोलवटले हे खरे आहे.

पुरावा म्हणून मी मुलीची वही आणली. ती हवालदार साहेबांनी वाचली. कालची आठची नोंद पाहून ते म्हणाले, पत्रा मारल्यावरही वास? मग मी किती वाजता ओढतो ते विचारले. मी सांगू लागलो. सकाळी सहा दहा, चहानंतर. आठ, काल दमलो होतो म्हणून. ते वहीवर बोट ठेवत गेले. दीड, जेवणानंतर, एवढे बोलून मी थांबलो. धूर वर जातो. वर पत्रा आहे. पत्रा मी ठोकला. शेजारी उघडी खिडकी एकच.

येथे जबाब दहा मिनिटे थांबला. मला पाणी देण्यात आले. हवालदार साहेबांनी स्वतःचे सिगारेटचे पाकीट खिशातून काढले आणि मुलीकडे पाहून परत ठेवले. तू आधी का बोलली नाहीस, असे मी मुलीला विचारले.

ती म्हणाली, "दोनदा बोलले, बाबा. तुम्ही बाण काढून दाखवलेत."

विचारले नसताना सांगतो की, ही मुलगी जन्मली तेव्हा पावणेदोन किलोची होती. सतरा दिवस काचेच्या पेटीत होती. तेव्हा आमची एकच खोली होती आणि मी तिथेच ओढत असे. पत्नीच्या अंगात रक्त कमी होते म्हणून असे झाले, हे मी अठ्ठावीस वर्षे सगळ्यांना सांगत आलो. डॉक्टर तसे कधीच म्हणाले नव्हते. पत्नी काही बोलली नाही.

माझी मास्तरांविरुद्ध तक्रार नाही. गच्चीवरचा पत्रा आधी काढतो, मग त्यांचा, आणि त्यांची माफी मागतो. कबुतरांसाठी जाळी लावीन. माझे पाकीट टेबलावर ठेवले आहे. सातव्यांदा सोडत आहे.

जबाब मला मोठ्याने वाचून दाखवला, मुलीनेही ऐकला, मी बोललो तसाच तो लिहिला आहे. पत्नी काही बोलली नाही, हे वाक्य दोनदा आले आहे, एक खोडू का, असे हवालदार साहेबांनी विचारले. दोन्ही राहू द्या म्हणालो आणि सही केली.