आतल्या खोलीतले परवानाधारक

मी, शास्त्रीबुवा या टोपणनावाने ओळखला जाणारा, वय चोपन्न, धंदा वर्तमानपत्राची वार्ताहरकी, राहणार पोस्टामागची गल्ली, समक्ष विचारल्यावरून सांगतो की, मी इथे जबाब द्यायला नव्हे, छत्री मागायला आलो होतो. दारूखात्याने कोपऱ्यावरच्या दुकानाला सील ठोकले तेव्हा माझी लाकडी मुठीची काळी छत्री आतल्या खोलीच्या दाराजवळच्या खुंटीवर राहिली. सदर छत्री निरपराध आहे. तिने मद्याला कधी स्पर्श केलेला नाही. तिच्या धन्याबद्दल तसे म्हणता येणार नाही. हवालदार म्हणाले, "बुवा, छत्रीचं नंतर बघू. आधी बसा." म्हणून बसलो.

दुकानात बसून पिण्याचा परवाना दुकानदारांच्या नावावर आहे. विक्री चालू असताना परवानाधारक दुकानात हजर पाहिजे, अशी त्यात अट आहे. दुकानदार गेल्या हिवाळ्यात परगावच्या इस्पितळात वारले. अंत्यविधी तिकडेच झाला. त्यांच्या पत्नी, ज्यांना आम्ही वहिनी म्हणतो, परत आल्या आणि त्यांनी दुकान उघडले. परवाना स्वतःच्या नावावर करण्याचा अर्ज त्यांनी केला नाही. का, ते मी विचारले नाही. अर्जाला मृत्यूचा दाखला जोडावा लागतो, एवढे मला माहीत आहे.

नवख्याने मालकांची चौकशी केली की वहिनी म्हणत, "आत आहेत. पडलेत जरा." आम्ही रोजचे, म्हणजे मी आणि समोरचा शिंपी, तेवढ्यापुरते आपापल्या ग्लासात बघत असू. मग आतून खोकला येई. तो साऱ्या गल्लीच्या ओळखीचा होता: दोन आखूड, एक लांब, आणि शेवटी घसा खाकरणे. वहिनी "आले हो" म्हणून हातातले काम टाकत आणि पाण्याचे भांडे आत ठेवून येत. शिंप्याचे म्हणणे, "बाई हुशार आहे बुवा. नवऱ्याचा खोकला टेपवर भरून ठेवलाय." मलाही ते पटले होते.

विक्री वहिनींनी केली, हे मी नाकारत नाही. मात्र दुसरा ग्लास भरण्यापूर्वी त्या आतल्या खोलीच्या पडद्याकडे तोंड करून विचारीत, "देऊ का हो यांना आणखी?" आणि थांबत. कधी कधी देत नसत.

सोमवारी संध्याकाळी दारूखात्याचे निरीक्षक आले. "परवानाधारक कुठे आहेत?" असे त्यांनी विचारले. वहिनी ग्लास पुसत राहिल्या. मी म्हणालो, "आत आहेत." त्याच वेळी आत खोकला झाला. निरीक्षकांनीही मान वळवली. शिपाई पडदा सारून आत गेला आणि लगेच बाहेर आला. "साहेब, कुणीच नाही." पंचनाम्यात एक खाट, एक चादर आणि एक रिकामे भांडे लिहिले आहे. टेप मिळालेला नाही.

वहिनींवर विनापरवाना विक्रीचा आणि माझ्यावर खोटी माहिती दिल्याचा ठपका आहे. 'बाईने सांगायला लावले' असे लिहून दिल्यास मी सुटेन, असे निरीक्षकांनी सुचवले. तसे मी लिहून देत नाही. मला कोणी शिकवले नव्हते.

आज इथल्या बाकावर वहिनींची गाठ पडली. मी हळूच विचारले, "वहिनी, तो टेप लपवलात कुठे?"

त्या म्हणाल्या, "कसला टेप?"

"खोकल्याचा."

त्या माझ्याकडे बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "भावजी, मला वाटायचं तुमच्यापैकीच कुणीतरी मागच्या खिडकीशी जाऊन खोकतं. माझ्या जिवाला बरं वाटावं म्हणून."



वरील मजकूर हवालदारांनी मला मोठ्याने वाचून दाखवला. तो मी सांगितला तसाच उतरला आहे. आणखी काही सांगायचे आहे का, असे विचारल्यावरून सांगतो की, छत्रीची मागणी मी मागे घेतो. काल दिवेलागणीला मी त्या दुकानावरून गेलो. सील जागच्या जागी होते. आत खोकला झाला. मी थांबलो. पुन्हा झाला. खटल्याचे जे व्हायचे ते होवो. वहिनी इथे कोठडीत आहेत आणि तिकडे "आले हो" म्हणायला कोणी नाही, याची मला काळजी वाटते. मला म्हणता आले असते. मी म्हटले नाही.

एवढेही वाचून घेतले. बरोबर आहे.