महादूचं काम

दुबईत अल क्वोजच्या कामगार कॅम्पाबाहेर शुक्रवारी टेलिफोनच्या रांगेत माझ्यापुढे दोघे उभे होते.

"या जगात खऱ्या कलावंताला न्याय नाही, रफिकभाई!"

"नसेल. पुढे सरक, रांग तुटतेय. कोण कलावंत?"

"मी!"

"तू शटरिंगचा सुतार आहेस, महादू."

"त्या उझैरनं मला सिनेमात घेतलं होतं. ढगळ पँटवाला, रॅप म्हणतो तोच. आपल्या कॅम्पवर सिनेमा काढतोय. प्रोड्यूसर तोच, हिरो तोच. आणि हिरोचं नाव काय? महादू!"

"मग खूश व्हायचं!"

"माझं नाव, माझी गोष्ट! तीन शुक्रवार त्याला शिकवलं, डबा कसा खायचा, वरच्या बंकवर कसं चढायचं. मग म्हटलं, महादूचं काम मीच करतो. करून दाखवलं. तर म्हणतो, महादूभाई, तुम्ही ओरिजिनल वाटत नाही!"

"पोरगा आपल्या कॅम्पाच्या गल्लीतला ना?"

"कसली गल्ली! अल नहदाच्या फ्लॅटात, एसीत वाढलाय. गाण्यात म्हणतो, मी कॅम्पची धूळ खाल्ली. धूळ मी खाल्ली!"

"मग तुला काय दिलं?"

"त्याच्यामागे उभं राहून हात हलवायचे. म्हटलं, खलास, मी येत नाही."

"बरं केलंस. आता घरी सांगून टाक."

"नर्मदानं गावभर केलंय, आमचे हे हिरो झाले म्हणून. सिनेमा बघायला व्हीसीडी प्लेयरसुद्धा भाड्यानं ठरवून ठेवलाय."

"चल, नंबर आला तुझा."

"रफिकभाई, आधी तुम्ही बोला ना तिच्याशी. सिनेमाचं काढू नका. जेवलीस का, एवढंच विचारा."