नावाड्याची उडी

तिकिटाच्या रांगेत शिंपीणबाईंच्या पुढेच म्हातारा नावाडी आणि त्याची बायको उभी होती. गावातल्या त्या मोठ्या पुरावरचा सिनेमा आजच लागला होता, आणि त्यातला वीर म्हणे हाच नावाडी. शिंपीणबाईंचे कान आपसूक टवकारले.

“सिनेमात तुम्ही पोरांना वाचवायला पुरात उडी घेता म्हणे?”

“घेतो ना! छाती काढून.”

“आणि मी?”

“तू काठावर… रडतेस.”

“रडते? अहो, तुम्ही खांबाला मिठी मारून लटलट कापत होता. मी देवाचं नाव घेतलं आणि ढकललं तुम्हाला!”

“तेच सांगितलं सिनेमावाल्यांना, देवाशप्पथ. म्हणाले, बायकोनं ढकललेला वीर लोकांना पटत नाही.”

“मग बघा तुमचा वीर एकटेच. मी चालले घरी.”

“अगं, खिडकी आली आता. थांब ना!”

“हात सोडा. लोक बघतायत.”

“बघू देत. भाऊ, दोन तिकिटं द्या. अगदी कडेची.”

“मधली चांगली आहेत की, आजोबा.”

“नको. उडीची वेळ आली की हिला मला ढकलायचंय.”

घराकडे वळलेली म्हातारी थांबली आणि नवऱ्याला म्हणाली,

“पोहायला येतं ना तुम्हाला अजून?”