सरांचा उन्हाचा शब्द

बसा, बसा सगळे. ज्यांना खुर्ची मिळाली नाही त्यांनी गादीवर बसा. गाद्या माझ्याच दुकानातल्या आहेत, मळल्या तरी चालतील.

गल्लीतल्या भावांनो, बहिणींनो, आणि सरांचे जे विद्यार्थी जळगावहून, पाचोऱ्याहून, धुळ्याहून पहाटेची एसटी धरून अमळनेरला आले, त्या सगळ्यांना माझा सलाम. मी हमीद. हमीद पिंजारी. हे समोरचं गाद्यांचं दुकान माझं. मला माईकवर बोलायची सवय नाही. माझ्या धंद्यात कापूस पिंजायची मशीन बोलते, मी गप्प असतो. काल रमणनाना म्हणाले, हमीदभाऊ, पहिले तुम्ही बोला. मी म्हटलं, नाना, इथे प्राध्यापक येतील, वकील येतील, मी काय बोलू? नाना म्हणाले, सर रोज सकाळी कोणाच्या ओट्यावर बसायचे? मग काय करता! उभा राहिलो. सांभाळून घ्या.

ऊन अजून माझ्या दुकानाच्या पाटीवर आहे. बघा, तिथे. ते खाली ओट्यावर उतरलं की मी थांबतो. असं का, ते शेवटी सांगेन.

पाटील सर गेले. दुपारी जेवले, जरा आडवे झाले, आणि उठले नाहीत. शाळेत त्यांनी इंग्रजी कसं शिकवलं, ते तुमच्यापैकी कोणीतरी सांगेल. मी त्यांचा विद्यार्थी नाही. माझी शाळा लवकर सुटली. मला सरांनी सगळ्या आयुष्यात इंग्रजीचा एकच शब्द शिकवला. तेवढा सांगतो.

तो शब्द आहे ॲप्रिकेट.

हसता ना? आम्हीपण हसलो होतो. सर रिटायर झाले तो पहिला हिवाळा. आपल्याकडची थंडी तुम्हाला माहीत आहे, सकाळी हात खिशातून काढवत नाही. सरांचं घर त्या बाजूला, त्यांच्या दारात ऊन यायला दुपार होते. माझ्या ओट्यावर सकाळीच येतं. सर खुर्ची उचलून इकडे येऊन बसले. डोळे मिटलेले, चष्मा मांडीवर. मी विचारलं, सर, काय चाललंय? डोळे न उघडता म्हणाले, "हमीदभाई, मी ॲप्रिकेट करतोय."

मला वाटलं, डॉक्टरांनी काही सांगितलं असेल. मी चहा मागवला.

मग त्यांनी अर्थ सांगितला. ऊन खात बसणं. बस, एवढंच. आपण म्हणतो ना, ऊन खातोय, तेच. म्हणाले, इंग्रजांकडे ऊन कमी, म्हणून त्यांनी त्याचा वेगळा शब्द करून ठेवला, आणि मग वापरायलाच विसरले. आता तो जाड जाड डिक्शनरीत पडून असतो. नाना शेजारी बसले होते. नाना म्हणाले, "सर, हाई इंग्रजी आमले झेपाव नही." मी विचारलं, साहेबलोकच वापरत नाहीत तर तुम्ही कशाला वापरता? सर म्हणाले, "हमीदभाई, पेटीत ठेवलेल्या गादीचं काय होतं?" मी म्हटलं, कुबट वास येतो. "शब्दालाही येतो," म्हणाले. मला ते पटलं, कारण गादीचं मला कळतं.

पण सर होते मास्तर. शब्द दिला आणि सोडून दिला, असं नाही. कुठे वापरायचा, कुठे नाही, याची रोज उजळणी. एकदा मे महिन्यात नाना भर दुपारी ओट्यावर बसले आणि म्हणाले, सर, मी ॲप्रिकेट करतोय. सर म्हणाले, "नाना, जळगाव जिल्ह्यात मे महिन्यात उन्हात बसणाऱ्याला दुसरा शब्द आहे, आणि तो मी शिकवणार नाही." हो, हो, नाना, तुम्हीच होता! आता मान हलवू नका.

एकदा मी विचारलं, सर, शेतात कापूस वेचणारी बाई दिवसभर उन्हात असते, ती ॲप्रिकेट करते का? सरांनी चष्मा पुसला. मग म्हणाले, "नाही. तिला ऊन लागतं. दुपारी भाकर खाऊन झाल्यावर ती बांधाला पाठ टेकते, पाय पसरते आणि कोणी तिला हाक मारत नाही, तेवढा वेळ करते." शब्दाचा असा अर्थ डिक्शनरीत असेल की नाही, मला माहीत नाही. सरांनी सांगितला, मी ठेवून घेतला.

हळूहळू शब्द गल्लीचा झाला. कोणाच्या आजीला शोधायला कोणी आलं की शेजारीण सांगायची, त्या ओट्यावर ॲप्रिकेट करताहेत. सरांना धाप लागली म्हणून मी त्यांना डॉक्टरांकडे घेऊन गेलो होतो. डॉक्टरांनी विचारलं, दिवसभर काय करतात? मी म्हटलं, सकाळी ॲप्रिकेट करतात. डॉक्टर माझ्याकडे बघत राहिले. मग मोबाइल काढला, बघितलं, आणि इतके हसले! म्हणाले, चालू ठेवा. सर परत येताना रिक्षात सारखे सांगत होते, हमीदभाई, आज आपला शब्द आणखी एका माणसाकडे गेला. खूश होते फार.

आता अक्कांचं सांगतो.

इंदूअक्का, सरांच्या पत्नी. मूळच्या धुळ्याकडच्या खेड्यातल्या. सरांनी जन्मभर इंग्रजी शिकवलं आणि अक्कांनी जन्मभर घरात अहिराणी सोडली नाही. दोघांचं छान जमायचं. अक्का मोरीत पडल्या, खुबा मोडला, ऑपरेशन झालं, पण चालणं गेलं ते गेलंच. आतल्या खोलीत बाजेवर पडून असायच्या. त्या खोलीत दिवसा ट्यूबलाइट लागते. सर ओट्यावर यायचे बंद झाले. मी विचारलं तर म्हणाले, ती तिथे, आणि मी इथे उन्हात, ते बरं वाटत नाही.

एके दिवशी मी रस्त्याकडेला गाद्या पसरत होतो. सर दारात उभे राहून बघत होते. म्हणाले, "हमीदभाई, हे काय करताय?" मी म्हटलं, गादीला ऊन दाखवतोय. सर म्हणाले, "आपल्या शब्दाचा आणखी एक उपयोग आहे, तो सांगायचा राहिला. दुसऱ्याला उन्हात नेऊन ठेवणं. त्यालाही ॲप्रिकेटच म्हणतात." एवढं बोलले आणि आत गेले.

दुसऱ्या दिवशी सकाळी बाज ओढायचा आवाज आला. सर एकटेच ओढत होते. बाज दारात अडकली होती, आत अक्का ओरडत होत्या. मी धावलो, नाना धावले. बाज रुंद, दार अरुंद. मग नानांनी, सुतार माणूस, अरुंद बाज बनवली, दारातून बरोबर निघेल अशी. मी तिच्यावर हलकी गादी भरून दिली, नवा कापूस घालून. अक्का मला म्हणाल्या, "माले काय गादी समजनात का?" मी म्हटलं, अक्का, गादीला मी इतकं जपत नाही.

तेव्हापासून ते सुरू झालं. तुम्ही बाहेरगावचे लोक, तुम्हाला माहीत नसेल. दर हिवाळ्यात, ऊन माझ्या ओट्यावर उतरलं की चार जण अक्कांची बाज उचलून रस्ता ओलांडायचे. पायथ्याला एकीकडे मी, एकीकडे नाना. उशाकडचं डावं टोक जो कोणी रस्त्यात असेल त्याचं. दूधवाला, कॉलेजची पोरगी, रिक्षावाला, कोणीही. आणि उशाकडचं उजवं टोक सरांचं. ते त्यांनी कधी कोणाला दिलं नाही. धाप लागायची, तरी दिलं नाही. कारण पहिल्या दिवशी रस्त्याच्या मधोमध अक्का घाबरल्या होत्या, आणि सर त्या टोकाला असले की त्यांना पडल्यापडल्या सरांचं तोंड दिसायचं. बाज रस्त्यात असेपर्यंत गाड्या थांबायच्या. कोणी हॉर्न वाजवत नव्हतं. ऊन सरकलं की आम्ही बाज सरकवायचो. अक्का शेंगा निवडायच्या, येणाऱ्या जाणाऱ्याची चौकशी करायच्या, आणि सर शेजारी डोळे मिटून बसायचे.

आता जे झालं ते सांगतो. हे सांगायला मला जड जातंय.

सर गेले. त्यांना आपण खांद्यावर नेलं. परत आलो, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी ऊन आलं तसं आलं, पण बाज निघाली नाही. का? घरात सुतक. नानांना वाटलं, सुतकात बाज बाहेर काढत नसतील. शेजारच्या बायकांना वाटलं, नवरा गेलेली बाई रस्त्यावर उन्हात कशी बसेल, लोक काय म्हणतील. मला वाटलं, मी मुसलमान, यांच्या घरच्या रीतीत मी कशाला तोंड घालू. प्रत्येकाला वाटलं, दुसऱ्याला नीट माहीत असेल. घरोघरून पिठलं आलं, भाकरी आल्या, अक्कांचा हात धरून बायका रडल्या, खोली माणसांनी भरून गेली. आणि अक्का ट्यूबलाइटखाली पडून राहिल्या.

मग नाना भेटायला गेले तेव्हा अक्कांनी विचारलं. नाना बाहेर आले आणि माझ्या ओट्यावर बसून लहान पोरासारखे रडले. अक्का म्हणाल्या होत्या, "सर गयात. ऊन बी संगे लई गयात का?"

ऊनसुद्धा सोबत घेऊन गेले का.

नाना तडक सरांचे दिवस करणाऱ्या गुरुजींकडे गेले. गुरुजी म्हणाले, अहो, आजारी माणसाला उन्हात न्यायचं नाही, असं तुम्हाला कोणी सांगितलं? कोणीच सांगितलं नव्हतं. आम्हीच ठरवून बसलो होतो. पण तोवर दिवसकार्य एका दिवसावर आलं होतं. अक्का म्हणाल्या, आता एवढा दिवस जाऊ द्या. सभा घेणार आहात ना, ती सकाळी घ्या, गल्लीत घ्या. म्हणून मंडळी, ही सभा हॉलमध्ये नाही. म्हणून तुम्ही थंडीत बसला आहात.

सरांचा मुलगा इथे पुढेच बसला आहे. प्रशांत बेटा, तुला मी लहानपणापासून बघतोय, म्हणून सगळ्यांसमोर बोलतो, राग मानू नको. तू अक्कांना पुण्याला न्यायचं म्हणतोस. रात्रीच्या गाडीची तिकिटं काढली आहेत. तू चांगला मुलगा आहेस. आईला एकटं कसं ठेवायचं, हा तुझा प्रश्न खरा आहे. गल्ली सोबत देऊ शकते, पण मुलाची जागा घेऊ शकत नाही, हे मला कळतं. आम्हीच अक्कांना खोलीत विसरलो होतो, तेव्हा तू आमच्यावर भरवसा ठेवावास असं म्हणायला मला तोंड नाही.

मी एकच मागतो. तू अक्कांना विचारलंस, येशील का, आणि त्या काही बोलल्या नाहीत. हो ना? तू त्यांना आत विचारलंस. त्या खोलीत. बेटा, आज पुन्हा विचार. त्या उन्हात बसल्यावर विचार. पाय शेकले, पाठ शेकली, रस्त्यावरची दोन माणसं बोलून गेली, की मग विचार. तेव्हा त्या जे सांगतील ते त्यांचं असेल. पुणं म्हणाल्या तर मी स्वतः नवी गादी भरून देईन आणि स्टेशनापर्यंत येईन. नाही म्हणाल्या, तर तिकिटं परत कर.

थांबा. बघा. ऊन ओट्यावर आलं.

मंडळी, शोकसभेत शेवटी उभं राहून शांतता पाळतात. आज आपण ती अशी पाळू. बाज निघेल, रस्ता ओलांडेल, ओट्यावर टेकेल, तोवर सगळ्यांनी उभं राहायचं आणि कोणी बोलायचं नाही. टाळ्या नाहीत, रडणं नाही, फोटो नाही. नाना, चला. पायथ्याला तुम्ही आणि मी. उशाकडच्या डाव्या टोकाला हे धुळ्याहून आलेले भाऊ, सरांचे विद्यार्थी, या तुम्ही.

उजवं टोक मोकळं आहे.

प्रशांत, ये बेटा. ते तू धर. तोंड आईकडे ठेव, चालताना तिच्याकडे बघत राहा, म्हणजे ती घाबरत नाही.

सर, तुमचा शब्द आम्ही वापरतोय. सलाम.

उचला.