अळणी पान

अच्छा, हे ऐका. बाबांना बीपी होता, पण जेवण अळणी लागलं की ते ताटावरून उठायचे.

त्यांच्या वर्षश्राद्धाला आईनं मागच्या अंगणात भिंतीवर कावळ्यासाठी पान वाढलं. आमच्या मदन महल वस्तीभर कावळे, पण एक येईल तर शपथ. तेवढ्यात आमची कोंबडी चंपी भिंतीवर चढली.

मी धावलो. “आई, हाकल तिला. खारट खाऊन मरेल ती. उरलंसुरलंही आपण बिनमिठाचंच देतो ना?”

“काहून ओरडून राहिला? हीच येणार, माहीत होतं. पान अळणीच केलं.”

चंपीनं भातात एक चोच मारली, मान फिरवली अन् खाली उतरली.

वर्षभरात आई पहिल्यांदा हसली. पदर डोक्यावर घेऊन कोंबडीला म्हणाली, “बसा उपाशी. मीठ नाही मिळणार तुम्हाला.”